दोघींचा एक अर्ज

प्रिय गोदू,

काल आपल्या नेमणुकीचा हुकूम आला. एकाच कागदावर दोघींची नावं. तू जाऊन तीन महिने झाले, तरी शिक्षणखात्याच्या कचेरीनं जुनाच मसुदा उतरवून पाठवला. आज मी सेलूच्या मुलींच्या शाळेत रुजू झाले. हजेरीबुकात माझ्या सहीखालची तुझी ओळ कोरी राहिली, म्हणून लिहायला बसले.

हुकूम उर्दूत होता, इकडच्या सगळ्या सरकारी कागदांसारखा. मी पुण्याची बी.ए., वीस वर्षांपूर्वीची, आणि तो वाचून घ्यायला शिपायाकडे गेले! नेमणुकीसाठी आपण दावा लावला, तेव्हापासून दोन वर्षं अदालतीचा प्रत्येक कागद तूच मला मराठीत सांगायचीस. पटवारी वडिलांनी तुला उर्दू शिकवलं होतं. "ताई, निस्तं गोड गोड लिवलंय, काम कायबी न्हाई," म्हणून हसायचीस.

महिन्यात नेमणूक द्या, असं अदालतीनं बजावलं होतं. कचेरीनं वर्ष घालवलं. मग आपण बेअदबीचा, अदालतीचा हुकूम मोडल्याचा, अर्ज केला. आठवतं? कचेरीचे साहेब हादरले. कारकून निरोप घेऊन आला: अर्ज मागे घ्या, उद्या हुकूम घ्या.

वकिलांच्या ओसरीवरच तू म्हणालीस, "ताई, करा की सही. भावाच्या घरी मी किती दिस बसावं? वहिनी आता ताट बी आदळून ठेवायलीय."

"साहेबांनी भर अदालतीत माफी मागितल्याशिवाय सही नाही."

"माफी काय चाटायचीय? मला पोरी शिकवायच्यात."

अर्ज दोघींचा एक. माझ्या सहीवाचून तुला एकटीला सुटता येत नव्हतं. हे मला ठाऊक होतं, गोदू. तुला अडवून ठेवलं आणि त्याला तत्त्व म्हटलं. भांडायचं होतंस ना माझ्याशी! नुसतं "बरं ताई" म्हणून भावाच्या गावच्या, ताडकळसच्या गाडीत का जाऊन बसलीस?

पुढच्या तारखेला ताप अंगावर घेऊन आलीस. तारीख पुढे ढकलली गेली. त्यानंतरच्या तारखेला तुझा भाऊ एकटाच आला. "गोदू कुठाय? वेळेचं भान नाही का तुम्हाला?" मी त्याच्यावरच खेकसले. त्यानं तुझी कागदांची पिशवी माझ्यापुढे ठेवली.

शेवटी साहेबांनी माफी मागितली. अदालतीच्या कारकुनानं, पेशकारानं, ती वाचून दाखवली. जड, दरबारी उर्दू. सगळे माना डोलावत होते. मला काही म्हणता काही कळलं नाही. सवयीनं डावीकडे वळले, तुला विचारायला.

आज मोठ्या बाई म्हणाल्या, "गोदावरीबाई रुजू झाल्या नाहीत, असं लिहून द्या. म्हणजे जागा रिकामी धरता येईल."

"त्या आल्या नाहीत असं मी लिहिणार नाही," म्हटलं.

"मग काय लिहिणार?"

हुकूम निघाला तेव्हा तू हयात नव्हतीस, हे लिहीन. आधीचा उशीर कचेरीचा, आणि सही अडवल्यानंतरचा माझा, हेही लिहीन. उर्दूत, माझ्या हातानं. तुझ्या पिशवीत तुझं उर्दूचं पहिलीचं पुस्तक सापडलंय. पानापानावर शाईचे डाग. आज संध्याकाळी पहिली तीन अक्षरं गिरवली. वाकडीच आली. तू असतीस तर केवढी हसली असतीस!

ते उत्तर लिहून होईपर्यंत तुझ्या जागेवर कुणी येणार नाही. पण पोरी खोळंबणार नाहीत. उद्यापासून तुझा वर्गही मीच घेईन.

तुझी,
मनोरमाताई