पाचची बैठक

अंधेरी (पूर्व),
मंगळवार

प्रिय अबोली,

अंधेरीहून मुलुंडला पत्र! हसशील तू. हातात फोन आहे, एक रिक्षावाला नाही म्हणाला तर दुसरा आहे, आणि हा म्हातारा चक्क कुरियर करतोय. हस. पण शिलाँगला कळवायची तुझी मुदत शुक्रवारी संपतेय ना, त्याआधी हे शेवटपर्यंत वाच.

इकडची बातमी म्हणजे दुकानातले शेवटचे दोन स्पीकर परवा माझा जुना मदतनीस श्यामसुंदर घेऊन गेला. दुसऱ्याच्या मंडपात वायरी गुंडाळत सुरुवात केली होती मी, मग स्वतःची साउंड सर्व्हिस. या धंद्यात मला तारलं ते कानांनी. चार माईकपैकी कुठला खरखरतोय ते डोळे मिटून सांगायचो. तुझी आई म्हणायची, "तुमच्यासमोर मनातल्या मनात बोलायचीसुद्धा चोरी." बिचारी क्षमा. मी काय करत होतो ते तिला मात्र कधी ऐकू आलं नाही.

वाकोल्याचे काशीराम मास्तर आठवतात? तुझे शाळेचे फ्रॉक शिवायचे ते. दर गुरुवारी मी त्यांच्याकडे कॅरम खेळायला जातो असं तुम्हाला वाटायचं. बोर्ड होता, पण सोंगट्या कधी डब्यातून बाहेर आल्या नाहीत. आम्ही सात जण. नाव 'पाचची बैठक', कारण आमचं काम संध्याकाळी पाचच्या उन्हात, सावल्या लांब झाल्या की. आपली सावली समोरच्याच्या सावलीवर नीट बसवायची आणि एक वाक्य मनात तीनदा म्हणायचं. ते वाक्य त्याला स्वतःचंच वाटायला लागतं. बस्स, एवढीच जादू. तुला खोटं वाटेल. मलाही वाटलं होतं, पण सख्ख्या भावावर कोयता घेऊन धावलेला माणूस मास्तरांच्या सावलीत थबकला आणि कोयता खाली ठेवून रडायला बसला, तो मी या डोळ्यांनी पाहिला.

पहिली काही वर्षं आम्ही भांडणंच मिटवली. कुणाची दारू सोडवली, एका गल्लीतली दगडफेक थांबवली. मग कुठली चाळ पाडू द्यायची, कुणाला निवडून आणायचं, तेही आम्हीच ठरवायला लागलो. आम्ही चांगली माणसं, मग आमचं वाक्य वाईट कसं असेल? कुर्ल्याच्या एका सभेत माईक लावून मी मागे उभा होतो. एकामागून एक नऊ जण बोलायला उठले, आणि नऊही जण मास्तरांसारखे "म्हणजे बघा" म्हणून मध्येच थांबले. आवाज ज्याचा त्याचा, श्वास मास्तरांचा. लोक टाळ्या वाजवत होते आणि मला एकट्याला घाम फुटला होता. तरी पुढच्या गुरुवारी गेलोच.

बैठकीचा नियम एक होता. घरच्या माणसावर सावली टाकायची नाही. तो मी मोडला.

दहा वर्षं झाली. तू चोवीसची होतीस. शिलाँगच्या संस्थेत पक्ष्यांचे आवाज टिपायचं काम मिळालं म्हणून आठवडाभर शीळ घालत फिरत होतीस. माझे कान घेतलेस तू, याचा मला केवढा अभिमान होता! पण तुझी आई जाऊन चारच महिने झाले होते. गच्चीत तू पाठमोरी, दोरीवरचे कपडे काढत होतीस, आणि तुझी सावली टाकीपर्यंत पोचली होती. रिकाम्या घराची भीती वाटली गं, दुसरं काही नाही. मी दोन पावलं सरकलो. जिना उतरताना तू म्हणालीस, "नको भाऊ, नाही जात मी. काय घाई आहे, डोंगर कुठं पळून जातायत?" वाक्य माझं होतं. 'डोंगर'वरचा जोर माझा, त्यापुढचा छोटासा श्वासही माझा. तू बँकेत लागलीस तेव्हा मी बिल्डिंगभर पेढे वाटले.

परवा रविवारी तू सांगितलंस की त्यांनी पुन्हा बोलावलंय. सांगताना तुझा आवाज असा वर चढला, जसा त्या आठवड्यात चढायचा. आणि लगेच खाली उतरून म्हणालीस, "पण काय घाई आहे भाऊ, डोंगर कुठं पळून जातायत?" तोच जोर, तोच श्वास. मी चहाचा कप तसाच खाली ठेवला. तू म्हणालीस, "गार झाला का? दुसरा करू?"

टाकलेली सावली एकाच गोष्टीने उठते. टाकणाऱ्याने ज्याच्यावर टाकली त्याला स्वतः सांगितलं की. मात्र मग सांगणाऱ्याची सावली त्याला सोडून जाते आणि त्याचं म्हणणं पुन्हा कुणालाच पटत नाही. गुरुवारपर्यंत न थांबता कालच बैठक बोलावली आणि सांगून आलो की मी सांगणार आहे. मास्तरांच्या जागी आता देवव्रत बसतो. तो म्हणाला, "भाऊ, वाट लागेल तुमची. भाजीवालीसुद्धा ऐकणार नाही." म्हटलं, न ऐकू दे. मुलुंडला येऊन समोरासमोर सांगितलं असतं, पण तुझ्या खिडकीतून दुपारनंतर ऊन येतं आणि माझ्या पायांवर माझा विश्वास उरलेला नाही. कागदावरून माझी सावली तुझ्यापर्यंत पोचत नाही, म्हणून हे पत्र. जा म्हणणार नाही, राहा म्हणणार नाही. नाहीच म्हणालीस तरी चालेल, पण ते वाक्य तुझं असू दे. शुक्रवारी फोन कर. मी काही बोलणार नाही, नुसता ऐकेन. तुझा आवाज मला ओळखता येतो.

तुझाच, तुझ्या उन्हातून बाजूला झालेला,
भाऊ