पडद्यामागचा वसंत

बाबा,

नातीच्या मोबाइलवर परवा ते जुनं कार्टून पुन्हा पाहिलं. वसंत येतो, फुलांना डोळे फुटतात, ती कमरेवर हात ठेवून नाचतात आणि तेवढ्यात एक पाखरू अळीला गट्टम करतं. शाळेच्या गॅदरिंगमध्ये नातीला फूल व्हायचं होतं, म्हणून बाईंनी पाठवलेलं. "फूल पयले उजवीकडं वाकते, आजी." मी म्हटलं, "नाही बाई, डावीकडं." पाहिलं तर उजवीकडंच.

मग आठवलं. आपल्या गावी, किन्हीराजाच्या शाळेपुढं, हेच कार्टून दाखवायला दोन निंबांना सिनेमाचा पडदा बांधला आहे. तुमचीच दोन धोतरं, आईनं जोडलेली. पुरुष समोर, बाया मागं. मी तुमच्या मांडीवर. कोणीतरी हसतं, "काहो, पोरीले मानसाइत बसवून राह्यले?" तुम्ही मला खाली उतरवता. "जाय, मायपाशी बस. तिकून बी दिसते." दिसतंच, बाबा. सगळं दिसतं, डावं-उजवं उलटं.

गॅदरिंगच्या दिवशी नात म्हणाली, "तू समोर दिसली नाही तं मी नाचनारच नाही." मी हो म्हटलं. पण आधी समोर बायांचं हळदीकुंकू सुरू झालं. तुमचे जावई गेल्यापासून अशा वेळी बाजूला होणं माझ्या अंगवळणी पडलं आहे. कोणी सांगावं लागत नाही. पोरीची पाकळी निसटली होती, ती टाचायच्या निमित्तानं स्टेजच्या मागं गेले आणि तिथंच थांबले.

गाणं लागलं. सगळी फुलं वाकली, आमचं एक ताठ उभं. समोरच्या रांगांत मला शोधत होतं. ओठ थरथरायला लागले, तेव्हा मी पडद्याच्या फटीतून हळूच म्हणाले, "वाक बाई, मी हाये." ती गर्रकन वळली. लोकांकडं पाठ करून, माझ्याकडं तोंड करून, सगळा नाच तिनं पडद्यासमोर केला. लोक पोट धरून हसले. ती मात्र खुशीत होती.

घरी येताना तिनं विचारलं, "समोर काहून नाही बसली?" मी म्हटलं, "लय गर्दी होती."

पोरांच्या जुन्या पुस्तकांवरून शिकलेली ही अक्षरं आहेत. घडी करून त्याच पुस्तकांत ठेवते. तुम्हाला काय पाठवणार? इतकी वर्षं मनात तुमच्याशीच भांडत आले, की तुम्ही मला मागं बसवलं. पण त्या दिवशी सुनेनं पहिल्या रांगेत माझ्यासाठी खुर्ची धरली होती, वर तिची पर्स ठेवून. मला ती पडद्याच्या फटीतून दिसत होती. शेवटपर्यंत रिकामी.