डागी पाने वरच्या थरात

माय,

चौथीपर्यंत शिकलो, तेवढ्या अक्षरांवर माझे आयुष्य निभावले. शुद्ध लिहिण्याचा माझा आग्रह घरातील लहानथोरांना ठाऊक आहे. तुला मात्र वाचता येत नव्हते. मामाचे पत्र आले की मी ते वाचून दाखवायचो आणि तू भाकरी थापता थापता हात थांबवून ऐकायचीस. तेव्हा हे पत्र कोण वाचणार, असा प्रश्न मनात आला. त्याचे उत्तर न शोधताच लिहावयास बसलो आहे. मागच्या रविवारी आपल्या घरात जे घडले, ते तुझ्यावाचून कोणाला सांगावे हे मला कळत नाही.

अंजनगावचा आपला पानमळा अजून आहे. त्यात आजही कोणी चपला घालून पाऊल टाकीत नाही. पाने खुडून घरी आली की तू ओसरीवर ओले पोते अंथरून निवडायला बसायचीस. टोपली भरण्याची साऱ्या बाजाराची एकच रीत होती: डागी, पिवळी पाने तळाशी आणि हिरवी, तुकतुकीत पाने वर. तुझी रीत नेमकी उलटी. डागी पान फेकून देण्याची आपली ऐपत नव्हती, म्हणून तू ते विकायचीस. पण सर्वांत वरच्या थरात, पाहणाऱ्याच्या डोळ्यांसमोर ठेवून.

अकोटच्या बाजारातील तो दिवस मला अजून दिसतो. तू रस्त्याच्या कडेला बसली आहेस, मी तुझ्या अंगाला अंग लावून. एक पानवाला आपल्या टोपलीपुढे थांबतो, वाकतो आणि हसू लागतो.

"बाई, पानं इकून राहिल्या का कचरा?"

"वरचा थर खराब हाये भाऊ. खालचा चांगला हाये. हात घालून पाहा."

"लोकं खाली लपवते, तुमी वर मांडता! डोकं ठिकाण्यावर हाये ना?"

शेजारी बसलेली पानवाली तोंडाला पदर लावते. "तिचं नका इचारू भाऊ. हिनं पोरगी दाखोली तरी आधी तिच्या खोडीच सांगन!"

सगळी रांग हसते. पानवाला शेजारणीची टोपली उचलून निघून जातो. तू मात्र पानांवर पाणी शिंपडीत राहतेस, जणू कोणी काही बोललेच नाही.

संध्याकाळी भरली टोपली डोक्यावर घेऊन तू एसटीच्या थांब्याकडे निघालीस. मी रागाने विचारले, "काहून करतं माय असं?" तू चालणे थांबवले नाहीस. म्हणालीस, "त्याच्या घरी टोपली रिकामी होईन, तवा म्या तिथं नसन. मंग त्याच्यासंग कोन बोलन? म्हून इथंच दाखोतो." आणि पुढच्या बाजाराला पुन्हा तशीच टोपली लावलीस. न विकलेल्या मालाने तुला काहीच शिकवले नाही, असे तेव्हा मला वाटले होते.

आता रविवारचे सांगतो. माझ्या मुलाची मुलगी, तुझी पणती, लग्नाची झाली आहे. तिने अकोल्यास शेतीचे शिक्षण घेतले आणि तेथेच ती नोकरीस आहे. लहानपणी तापात तिचा डावा कान गेला. त्या कानाने तिला काहीही ऐकू येत नाही. समोरून बोलले तर कोणाच्या लक्षातही येत नाही. अमरावतीचे एक घराणे तिला पाहावयास येणार होते. मुलगा शिकलेला, माणसे भली, स्थळ मोठे. आमच्या घरात महिनाभर दुसरा विषय नव्हता.

सकाळपासून सूनबाई बैठकीतील खुर्च्या हलवीत होती. शेवटी तिने मुलीची खुर्ची अशी लावली की डावा कान भिंतीकडे आणि उजवा पाहुण्यांकडे राहील. मला म्हणाली, "मामाजी, तुमी तिच्या डाव्या बाजूले बसा. म्हंजे तिकून कोनी बोलनारच नाई." मी धोतर सावरले आणि तेथे बसलो. घराची अब्रू राखण्यासाठी म्हातारे माणूस असतेच, अशी माझी समजूत होती.

पाहुणे आले. पोहे झाले, चहा झाला. मुलगी येऊन बसली. मुलाच्या आईने एक-दोन प्रश्न विचारले, हिने नीट उत्तरे दिली. सूनबाईचा चेहरा उजळला. इतक्यात मुलगी उठली. तिने स्वतः ती जड लाकडी खुर्ची उचलली, बैठकीच्या मध्यभागी आणून ठेवली आणि पाहुण्यांकडे डावा कान करून बसली.

"काकू, या कानानं मला काहीच ऐकू येत नाही. लहानपणापासून. तुम्ही पाहून गेल्यावर कळण्यापेक्षा आत्ताच पाहून घ्या."

सूनबाईने ओठ आवळून म्हटले, "काय गरज होती आता? पुढं सांगतलं असतं ना!"

तेव्हा ती आपल्या बोलीत आईला म्हणाली, "आई, उद्या त्यांच्या घरी कोनी मले या बाजूनं हाक मारन, अन् मी ओ देनार नाई. तवा तुमी कोनी तिथं नसान."

माय, मी हातातील कप खाली ठेवला. तुला या मुलीने पाहिले नाही. तुझा फोटोसुद्धा घरात नाही. ती जन्मली तेव्हा तुला जाऊन किती काळ लोटला होता! तुझे शब्द मी कोणापाशी उच्चारले नव्हते. मग ते तिच्या तोंडात कोठून आले? जमिनीखालून झिरपत पाणी विहिरीत येते, तसे शील माणसांतून माणसांत जात असेल काय? मी जन्मभर सकाळी लवकर उठलो, खोटे बोललो नाही, कोणापुढे वाकलो नाही आणि याला चारित्र्य म्हणत आलो. पण जेथे गप्प राहणे सोपे असते आणि गप्प राहिल्याबद्दल कोणी नावे ठेवणार नसते, तेथे काय करायचे, ते मी रविवारी डोळ्यांनी पाहिले. देवळात गेल्यावर जसे हात आपोआप जुळतात, तसे माझे झाले.

मंगळवारी मध्यस्थाचा निरोप आला. त्यांनी नकार कळवला. सूनबाई रडली. मुलीने फोनवर सगळे ऐकून घेतले आणि मला म्हणाली, "आबा, येत्या रविवारी दुसरे पाहुणे येऊन राहिले ना? माझी खुर्ची मीच लावीन, आईले सांगून ठेवा." तू दुसऱ्या बाजाराला टोपली कशी लावलीस, ते मला आठवले, आणि तुला माल न खपण्याने काहीच शिकवले नाही असे वाटल्याची लाज वाटली.

गावात मात्र बोलबाला झाला. शेजारचे गुरुजी म्हणाले, "आजोबांचे संस्कार, दुसरे काय!" मी मान हलवली. नाही म्हणालो नाही.

हे पत्र टपालात पडणार नाही, ते पेटीत राहील. पण एक गोष्ट कागदावर असू दे. मुलांना, नातवंडांना मी नेहमी सांगत आलो की आपला पानमळा आहे. माझी माय रस्त्याच्या कडेला टोपली घेऊन बसायची, हे मी एकदाही सांगितले नाही. तुझे नाव घरात निघत नाही, त्याचे कारण एवढेच आहे.

शनिवारी मुलगी अकोल्याहून येईल. तिला तुझी गोष्ट सांगायची आहे. पानमळ्यापासून सुरुवात करावी, असे ठरवले होते. आता ते बदलतो. आधी रस्ता सांगेन.