सासूबाईंची वरची कवळी

तीर्थस्वरूप वन्संच्या पायांशी धाकट्या भावजयीचा डोके टेकवून नमस्कार.

देवाच्या कृपेने इकडे सगळे धडधाकट आहेत. तुमच्या गुडघ्यांचे, यजमानांच्या खोकल्याचे आणि बाळंतपणाला माहेरी आलेल्या बेबीच्या उलट्यांचे काय चालले आहे ते सवडीने कळवावे. तुम्ही पाठवलेला फोटो पोहोचला. बेबीला सहावा महिना चांगलाच मानवलेला दिसतो. ती गाल हातावर टेकवून का बसली आहे कोण जाणे, फोटोवाल्याने तसे सांगितले असेल. तुम्ही मात्र अगदी मनमोकळे हसला आहात. ह्यांना दाखवला तर म्हणाले, ताई आमच्या लग्नातसुद्धा अशी हसली नव्हती. फोटो देवांच्या फळीवर उभा केला आहे (फ्रेम केलेली नाही, फ्रेमा महागल्या आहेत, आणि तुम्ही चांगल्या हयात आहात, मग घाई कसली). त्याच फळीवर सासूबाईंची कवळी पितळी डबीत आहे. आपल्या वाटणीत वरची माझ्याकडे आली आणि खालची तुमच्याकडे गेली. लोक सासूच्या दागिन्यांवरून भांडतात, आपण दातांवरून भांडलो आणि निम्म्या-निम्म्यात मिटवले, याचे मला अजून समाधान वाटते. तुमच्याकडची खालची तुम्ही जपून ठेवली असेलच.

आता मुद्द्याचे लिहिते. गेल्या खेपेस निघताना तुम्ही उंबऱ्यात उभ्या राहून बजावले होते की सूनबाई मोकळी होईपर्यंत तिने दातांच्या डॉक्टरसमोर तोंड उघडायचे नाही, पोटातले मूल दचकते. आणि दात दुखलाच तर दुखू द्यावा, एक मूल एक दात हा बायकांचा ठरलेला हिशोब आहे. तुमचा शब्द या घरात कोणी खाली पडू देत नाही. पण वन्सं, मी मॅट्रिकला गणितात पहिली आलेली बाई. रात्री जप करताना तो हिशोब मनात यायचा आणि काही केल्या जुळायचा नाही. सासूबाईंना मुले झाली पाच आणि दात गेले बत्तीस. मग उरलेले सत्तावीस कोणाच्या खात्यावर मांडायचे? ह्यांना विचारले, तर पेपरातून डोके वर न काढता म्हणाले, "माझ्या नावावर मांडू नकोस. मी एकच घेतला."

तिकडे सूनबाईची डावी दाढ ठणकायला लागली. ती बिचारी गरीब गाय, तुमचा हुकूम तिनेही ऐकलेला, त्यामुळे बोलेना. पोळी टाकून दिली, पाव दुधात भिजवून नुसता गिळायला लागली, आणि मला वाटले डोहाळे असतील. (दुधाचा खर्च वाढला तेव्हा शंका यायला हवी होती.) तपासणीला गेलो तेव्हा नर्सबाईंनी काट्याकडे पाहून तोंड वाकडे केले. सातवा महिना, आणि वजन मागच्या खेपेइतकेच! पोटात दोन जीव आणि तोंडात अर्धा घास, असे कसे चालेल आजी, असे मलाच विचारले. घरी येऊन मी लवंग धरायला दिली, मिठाच्या गुळण्या करवल्या, देवासमोर जास्तीचे निरांजन लावले. घरातल्या लवंगा संपल्या, दुखणे तिथेच. गाल असा सुजला की एका बाजूने ती सासरी नांदणारी दिसे आणि दुसऱ्या बाजूने माहेरी जेवून आलेली. शेवटी हे म्हणाले, "देवाने दात दिले तसे दातांचे डॉक्टरही त्यानेच दिले असतील. एकदा त्याला विचारून बघ." मी म्हटले, देवाला विचारायला हरकत नाही, पण वन्संना कोण विचारणार?

त्याच आठवड्यात पाण्याच्या टाकीमागे दातांची गाडी येऊन उभी राहिली. गाडी म्हणजे बसएवढी. आत खुर्ची, दिवा, थुंकायचे भांडे, सगळे फिरते. पलीकडच्या वस्तीत बांधकामावर जाणाऱ्या, भाजी विकणाऱ्या, घरोघर भांडी घासणाऱ्या बायका राहतात. त्यांना दिवसा दवाखान्यात जायला सवड नसते, म्हणून गाडी संध्याकाळची येते. आमची भांडीवाली आपल्या धाकट्याला तिथे दाखवून आली. त्याचे पुढचे दात काळे पडून झिजले होते, कारण झोपताना साखरेच्या दुधाची बाटली तोंडात ठेवायची सवय. आता तिने बाटली बंद केली आहे आणि तो रात्रभर रडून अख्ख्या वस्तीला जागवतो असे ती मोठ्या अभिमानाने सांगत होती. पण माझे कान टवकारले ते तिच्या पुढच्या वाक्याला. तिथे ब्रश फुकट मिळतो.

फुकट म्हटले की माझे पाय माझे राहत नाहीत, हे तुम्हाला ठाऊक आहे. तशीच जाऊन रांगेत उभी राहिले. नंबर लागला तर मदतनीस बाई म्हणते, ब्रश फक्त लेकुरवाळ्यांना आणि गरोदर बायकांना. मी म्हटले, गरोदर बाई आमच्या घरी आहे की, तिच्या वतीने द्या. ती म्हणाली, घेऊन या. झाले! मी सूनबाईला घेऊन आले. देवाशप्पथ सांगते वन्सं, दाढ दाखवायला नाही, ब्रश घ्यायला. वाटेत तिला बजावलेसुद्धा, वन्संचा शब्द आहे, ओठ घट्ट मिटून ठेव, विचारतील त्याला मी उत्तर देईन.

आत डॉक्टरीण अगदी कोवळी पोर, पण डोळा घारीचा. सूनबाईच्या गालाकडे एकदाच पाहिले आणि ब्रश टेबलाच्या खणात परत ठेवला. म्हणाली, तोंड बघितल्याशिवाय ब्रश नाही. मी म्हटले, बाहेरून बघा. ती म्हणाली, बाहेरून दिसतेय म्हणूनच आतून बघायचेय. मी म्हटले, आमच्या वन्संनी मनाई केली आहे. तर तिने विचारले, "कुठल्या दवाखान्यात असतात त्या?" (तुमचा मान राखून मी पुन्हा ब्रशचाच विषय काढला.) ती समजावत राहिली की गरोदरपणात हिरड्या सुजतात, लक्ष दिले नाही तर दात जातात, मूल काही दात मागायला येत नाही, या महिन्यात दाढेवर उपचार केला तर चालतो, आणि मूल दचकत नाही, पण आई उपाशी राहिली तर ते त्याला आधी कळते. सूनबाई सगळ्याला मान डोलावते, पण ओठ मिटलेले. दारात रांगेतल्या बायका खोळंबलेल्या, कोणाचे मूल रडतेय, कोणाची पाटी डोक्यावर.

एवढ्यात डॉक्टरीण माझ्याकडे वळली. "आजी, आधी तुम्ही बसा. तुमचं बघून झालं की तिची भीती जाईल." मला वाटले, आपण बसलो की विषय टळेल. बसले. खुर्ची मागे कलली, डोळ्यांवर दिवा आला, मी रामरक्षा सुरू केली आणि आ केला.

वन्सं, आता पुढचे वाचण्याआधी खाली बसा. पितळी डबी फळीवर आहे असे वर लिहिले ते खरेच आहे, पण कवळी त्या डबीत फक्त रात्रीची असते. गेल्या वर्षी माझे वरचे उरलेसुरले दात पडले. नवी कवळी करायची तर केवढा खर्च, आणि फळीवर थोरामोठ्यांच्या आशीर्वादाची तयार वस्तू नुसती धूळ खात पडलेली. (वाटणीच्या वेळी मी वरचीसाठी अडून बसले ती याचसाठी असे मनात आणू नका. तेव्हा माझे वरचे जागेवर होते.) थोडी सैल बसायची, म्हणून आत कणकेची गोळी लावत असे. जेवताना ती गोळीही पोटात जाते, म्हणजे वाया काहीच जात नाही.

डॉक्टरणीने बोट लावले मात्र, सासूबाई निघून तिच्या हातात आल्या.

तिने ती दिव्याखाली फिरवून पाहिली. "आजी, हे आत काय आहे?" मी म्हटले, "कणीक." "आणि ही कवळी तुम्हाला कोणी करून दिली?" मी म्हटले, "मला नाही. सासूबाईंना करून दिली होती." "त्या कुठे आहेत?" मी बोट वर केले. ती गाडीच्या छताकडे बघायला लागली.

दारातली भाजीवाली सगळे ऐकत होती. पाटी खाली ठेवून म्हणाली, "अगं बाई गं! म्हणजे सासू मेली तरी अजून चावतेच आहे!"

सगळी गाडी हसून हलायला लागली. मदतनीस भिंतीला टेकली, भांडीवाली पदरात तोंड लपवून बसली, आणि माझी सून, तुमच्या शब्दाची पक्की, ओठ न उघडणारी माझी सून, पोट धरून, डोळ्यांतून पाणी काढत, दाढेपर्यंत आ करून हसली. डॉक्टरीण तेवढ्यासाठीच टपलेली. तिने दिवा तसाच फिरवला, आत पाहिले, आणि तिच्या तोंडावरचे हसू मावळले. म्हणाली, पू झालाय, आजच काढायला हवा.

मग मी काय करणार, सांगा. सुनेने माझ्याकडे पाहिले. माझ्या तोंडात वरचे दात नाहीत, त्यामुळे बोलले ते कोणाला नीट कळले नसेल, पण मान मात्र मी स्पष्ट हलवली. तिला कुशीखाली उशी देऊन डाव्या अंगावर कलती निजवली, जागा बधिर केली, पू काढला, दाढ वाचवली. मी तिचा हात धरून जप करत होते. यंत्र घुरघुरले तेव्हा पोटात हालचाल झाली म्हणे. दचकले की नाचले, ते आल्यावर विचारू.

त्या दिवशी ती मऊ भात जेवली. चौथ्या दिवशी पोळ्या. काल परत काट्यावर उभी राहिली आणि नर्सबाईंनी तोंड सरळ केले. स्वयंपाकाचा हिशोब बिघडला आहे आणि मी देवाचे आभार मानते आहे, असे माझ्या आयुष्यात प्रथमच घडले.

माझ्या हिरड्यांना आत जखमा झाल्या होत्या. कवळी ज्याची त्यालाच बसते, असे डॉक्टरणीने दरडावून सांगितले. मोठ्या दवाखान्यात माझ्या मापाची करून देणार आहेत, तोवर मी पावदुधावर. सासूबाई धुऊनपुसून कायमच्या डबीत गेल्या. तुमचा राग येणे रास्त आहे. तो निम्मा तुम्ही ठेवा, निम्मा मला पाठवा. वाटणीची आपल्याला सवय आहे.

तुमची आज्ञा एकदाच मोडलेली,
भावजय

ता. क. बेबीचा गाल हातावर फोटोवाल्याने ठेवलेला नाही. परवा तिने सूनबाईला फोनवर सांगितले की उजवी दाढ पंधरवडाभर ठणकते आहे आणि आई ओरडेल म्हणून ती बोलत नाही. सूनबाईने मला न सांगण्याची शप्पथ घेतली होती, पण आमच्या घरात सध्या तोंडे मिटत नाहीत. वन्सं, हे सगळे पत्र मी एवढ्यासाठी लिहिले. तिचे तोंड तुमच्या शब्दाने मिटले आहे, ते तुमच्याच शब्दाने उघडेल. उद्याच न्या.

ता. क. दुसरा. तिथे जाऊन ओठ मिटून बसली तर तिला माझी गोष्ट सांगा. भाजीवालीचे वाक्य विसरू नका, औषध त्यातच आहे.

ता. क. तिसरा. फोटो मी ह्यांच्या भिंगातून पुन्हा पाहिला. सासूबाईंच्या कवळीतला, अक्रोड फोडताना टवका उडालेला तो खालचा दात मी वर्षानुवर्षे ताटासमोर पाहिला आहे, त्यामुळे तुमचे हसू मला लगेच ओळखू आले. माझ्या गोष्टीने बेबी हसली नाही, तर तुमची सांगा. तिच्यानंतर तुम्हीही त्या खुर्चीत बसा. निघण्यापूर्वी कणीक तेवढी पुसून जा.