कोणी वापरत नाही म्हणतंय

सालातिगा

प्रिय हेस्ती,

"कोणी वापरत नाही म्हणतंय. काढू?" लसी देणाऱ्या बू कास्मींच्या दवाखान्यात कॉम्प्युटरसमोर बसून तू विचारलं होतंस. पंचवीसेक वर्षं झाली असतील. परवा सेनोचा फोन आला, तेव्हापासून ते वाक्य डोक्यातून जात नाही. तुझा भाऊ एरवी किती मोठ्याने बोलतो! परवा मात्र त्याला दोनदा विचारावं लागलं, काय म्हणालास म्हणून. म्हणाला, लबारानची ईद झाली की म्बाक, म्हणजे त्याची ताई, तू, डायलिसिसला जायचं बंद करणार आहे. "आई गेली, माझी मुलं मोठी झाली, आता माझ्यावाचून कोणाचं अडत नाही," असं म्हणते. कोणाला सांगायचं नाही अशी तू त्याला शपथ घातली आहेस, हेही त्याने मला सांगितलं. बिचाऱ्यावर रागावू नकोस.

इकडे सगळं ठीक आहे. मेरबाबू डोंगर आठवडाभर ढगात आहे. शाळेत नवी मशीन्स आली आणि मुलांना आता फ्लॉपी म्हणजे काय ते समजावून सांगावं लागतं. एकीने मला विचारलं, "बू वेनिंग, हे साठवायच्या बटणाचं चित्र खरंच कधी वस्तू होती?" मी हसले, पण घरी येऊन आपला फ्लॉपींचा जुना डबा उघडला आणि बसून राहिले.

तू 'काढू?' विचारलंस त्या दिवशी आपण बू कास्मींच्या मशीनमधला कोंबडा काढायला गेलो होतो. भाच्याने त्यांना हौसेने एक कॅलेंडर बसवून दिलं होतं. मशीन सुरू केलं की ते आरवायचं आणि लसीच्या रांगेतली तान्ही मुलं दचकून रडायची. तू ते काढायला घेतलंस. ते जाता जाता मशीनने विचारलं की ही सामायिक फाइल दुसरा कुठलाच प्रोग्रॅम वापरत नाही, तीही काढायची का. तू तेच मोठ्याने विचारलंस. मी प्रिंटरमध्ये अडकलेला कागद ओढत होते. उत्तर बू कास्मींनीच दिलं, "वापरात नाही ते घरात कशाला ठेवायचं? काढ, काढ." तू बटण दाबलंस.

दुसऱ्या दिवशी सकाळी बू कास्मी अॅप्रनसकट आंकोतच्या व्हॅनमधून उतरून आपल्या कॉम्प्युटरच्या दुकानात आल्या. फाइल कुठे आहे, कोणत्या नावाने ठेवू, असं विचारणाऱ्या त्या चौकटीला त्या 'बाई' म्हणायच्या, आठवतं? तिला नाव सांगितलं की ती नीट ठेवते, मागितलं की काढून देते. "काल दोघी आलात, कोंबडा मारलात आणि जाताना माझ्या बाईलाही घेऊन गेलात. आज कोणत्या बाळाला कुठली लस द्यायची ते मी कोणाला विचारू, कोंबड्याला?"

उघडायची, साठवायची, छापायची ती चौकट कुठलाच प्रोग्रॅम स्वतः बनवत नव्हता. सगळे एकाच सामायिक फाइलकडून उसनी घ्यायचे. किती जण घेतात ते मशीन मोजून ठेवायचं, पण जो रीतसर बसवला त्यालाच मोजायचं. आणि आपल्या गावात रीतसर कोण बसवत होतं? फ्लॉपी गाडीच्या टोपलीत टाकायची, दवाखान्यात जायचं, फोल्डर मशीनवर उतरवायचं, झालं. बू कास्मींचा लसींचा प्रोग्रॅम रोज त्या फाइलवर उभा होता आणि मशीनला त्याचा पत्ताही नव्हता. कोंबडा गेल्यावर मशीनच्या लेखी ती फाइल वापरणारं कोणीच उरलं नाही.

तू कोणावर चिडली नाहीस. पाक गिमानांच्या झेरॉक्सच्या दुकानात त्यांच्या मशीनवर तीच फाइल होती, ती फ्लॉपीवर घेतलीस आणि बू कास्मींबरोबरच आंकोतमध्ये बसून गेलीस. मी मागून पोचले तेव्हा तू एका हाताने कोणाचं तरी रडकं बाळ धरलं होतंस आणि दुसऱ्या हाताने फाइल जागेवर ठेवत होतीस. चौकट उघडली. "आली बाई," म्हणून बू कास्मींनी तुझ्या तोंडात शेंगदाण्याची एंतिंग चिक्की कोंबली. त्यानंतर ज्या ज्या दवाखान्यात आपण गेलो, तिथे ती मोजणी ठेवलेली जागा शोधून तू आकडा हाताने वाढवत राहिलीस, म्हणजे मशीन त्या फाइलला पुन्हा बिनवापराची म्हणणार नाही. हे कोणासाठी करतेस, असं मी विचारलं. तू म्हणालीस, "न सांगता वापरणारेच जास्त असतात गं."

बू कास्मी आता लेकीकडे असतात. गुडघे गेलेत, जीभ शाबूत आहे. मागच्या महिन्यात बाजारात भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "ती कमी बोलणारी कुठे असते? तुझं काय, तू आपली दिसतेसच." तू बरी आहेस असं मी सांगितलं.

हेस्ती, दुखतं ते तुला. सुया तुझ्या हाताला टोचतात, अर्धा अर्धा दिवस छताकडे तूच बघत पडतेस. थकलीस म्हणून थांबणार असशील तर मी एक शब्द बोलणार नाही, तुझ्याजवळ येऊन बसेन. पण कोणाचं अडत नाही म्हणून थांबणार असशील, तर मोजणीत चूक आहे.

रविवारी फोन करून मी तुला काय काय विचारते. स्कूटर थंडीत सुरू का होत नाही, सायुर आसमच्या आंबट रस्स्यात चिंच आधी घालायची की नंतर, प्रश्नपत्रिका सोपी झाली का. हे सगळं मला येतं. माझा नवरा हार्योनो घर सोडून गेला त्या वर्षी रविवारची संध्याकाळ मला गिळायला यायची, तेव्हा लागलेली ही सवय. तू चिंचेबद्दल सविस्तर सांगतेस, मी फोन उभा करून ठेवते आणि भांडी घासते. तुझा आवाज स्वयंपाकघरात फिरला की सोमवारी मला शाळेत जाता येतं. एवढंच आहे. मी हे कधी सांगितलं नाही, कारण ऐकून तू अवघडली असतीस आणि पुढच्या रविवारी फोन उचलला नसतास. म्हणून आज फोनवर नाही, पत्रात लिहिते आहे. लबाराननंतरचा तुझा डायलिसिसचा पहिला दिवस चुकवू नकोस. मला तुझ्याकडे बालिकपापानला येऊ दे आणि त्या दिवशी दवाखान्यात तुझ्या शेजारच्या खुर्चीवर बसू दे. मग काय ते तू ठरव. नळ्या लावलेलं तू आईलाही कधी बघू दिलं नाहीस, तेव्हा मला नाही म्हणशील, हे मी धरूनच चालले आहे. तरी विचारते, येऊ?

तुझीच,
वेनिंग