कुंडाचं पाणी अजून कानात

मंगळवार, संध्याकाळ. बुइटनव्हेल्डर्ट.

सकाळी विमानातून उतरलो, कपडे धुऊन हीटरवर वाळत घातले, पण डाव्या कानात मेक्सिकोचं पाणी अजून आहेच. मान हलवली की डुबुक.

परवा टूरवाल्यांना फाटा देऊन भाड्याच्या गाडीने आम्हीच गेलो. मायन लोकांचं ते पडकं शहर सुंदर होतं. नवरा, समीर, फोनवरून माहिती वाचून दाखवत होता, पण माझं लक्ष नव्हतं. पुढे कुंड होतं ना. जमिनीत खोल खड्डा, खाली निळंशार पाणी, आणि तळाचा पत्ताच नाही.

समीर लाइफ जॅकेट घालून शिडीवरच थांबला. रेवा पाण्यातून म्हणाली, "आई, यू हॅव अ डिप्लोमा."

आहे की. पोहण्याचा, लेकीच्या मागोमाग, चाळिशीत, इथल्या डच तलावात मिळवलेला. तोही जीन्स आणि बूट घालून, कारण इथे माणूस कालव्यात पडतो तो कपड्यांसकटच. पण त्या तलावात तळाच्या फरश्या दिसायच्या.

मारली उडी. अंगावर जीन्स नव्हती, काय हलकं वाटलं. वर आले ती हसतच. एवढ्या वर्षांची भीती गेली कुठे?

मघाशी आईचा फोन आला. मला जन्मात कधी पाण्याजवळ जाऊ न देणारी आई. सगळं सांगून टाकलं.

"पाय टेकत होते?"

"नाही."

मग हळूच, "कसं वाटलं गं?"

मी मान हलवली. डुबुक. हे तिला ऐकवता आलं असतं तर.