नादकाटा नखभर चढला

सोमवार, ४
कचेरीतला नादकाटा पडला. माझ्याच हातून. अकरा वर्षांत पहिल्यांदा. फरशीवर आपटला आणि एका पात्याच्या टोकाचा कपचा उडाला. नऊ वाजायला वीस मिनिटं! नोकरी गेलीच म्हटलं. मग पहारेकऱ्याकडून कानस आणली – खिडकीची कडी घासायचीय म्हणून – आणि दोन्ही पाती सारखी केली. नऊला वाजवला. स्वर नखभर चढा. मला कळलं, बाकी कुणाला नाही.

आमच्या कचेरीचे मुख्य, आचार्य, त्यांचं पुस्तक मला पाठ आहे. सकाळी नऊचा जो स्वर, त्यावर गावातली प्रत्येक निर्जीव वस्तू दिवसभराचा आकार धरते. स्वर चढला की वस्तू आवळते, उतरला की सैलावते. माणसाचा स्वर जन्मापासून हाडात, तो हलत नाही. पगार मिळतो म्हणून मी मान डोलावत आले. खरं कोण मानतंय!

मंगळवार, ५
खरं आहे. ह्यांचं डोकं स्वयंपाकघराच्या चौकटीला आपटलं. हे एवढं टेंगूळ. "दार खाली आलं का गं?" मी म्हटलं, माणसानं जरा बघून चालावं. माझी चप्पलही चावतेय.

शुक्रवार, ८
सगळं गाव लंगडतंय आणि चांभार शिव्या खातोय. रात्री ह्यांचे पाय पलंगाबाहेर. आधीच ताडमाड – रंगारी माणूस, शिडीशिवाय छत रंगवतात. एकटी नणंद खूश. तिला वाटतंय ती उंच झाली. "आमच्या घराण्यात उंची आहेच वहिनी, मला जरा उशिरा आली एवढंच." वय त्रेचाळीस!

सोमवार, ११
आचार्यांनी सभा घेतली. सरकारी मोजदांडी आणून दार मोजलं. चार हात, बरोबर. पलंग मोजला. बरोबर. अरे शहाण्या, दांडीसुद्धा आवळलीय की! ती काय आभाळातून पडली? निष्कर्ष असा की वस्तू आहेत तशाच आहेत, माणसं वाढली. कशानं? माजानं. उपाय – एकवेळ जेवायचं. खुर्च्यांत मावत नव्हती ती माणसं उभी राहून टाळ्या वाजवत होती. मीही वाजवल्या. सांगायचं कुठल्या तोंडानं?

गुरुवार, १४
फर्मान निघालं. उंच माणसाच्या हाडाचा स्वर खालचा, तो गावाचा स्वर ओढून खाली आणतो म्हणे. वेशीच्या कमानीला ज्याचं डोकं लागेल त्याला गावाबाहेर काढणार, कायमचं. मोजणी बावीस तारखेला. गल्लीत कुणीच नाव घेतलं नाही, पण सगळे आमच्या दाराकडे बघत होते.

हे शांत. "मी वाढलो असेन गं. दांडीत तसंच येतंय." दोन दिवस एकवेळ जेवताहेत. ताटावरून उठताना भांड्याकडे बघतात आणि मला बघवत नाही. जाणार कुठे हा माणूस? ह्यांना धड चहा करता येत नाही.

रविवार, १७
मीच गेले आचार्यांकडे. सगळं ओकले – कपचा, कानस, सगळं. त्यांनी नादकाट्याला दांडी लावली. "एक वीत. बरोबर आहे, बाई."

"दांडीपण आवळलीय, आचार्य. तुमच्याच पुस्तकात चौथ्या पानावर लिहिलंय, स्वर चढला की वस्तू आवळते."

"आणि पहिल्या पानावर लिहिलंय की स्वर चढत नाही. चौथं पान केवळ समजावण्यापुरतं."

मग आवाज मऊ करून म्हणाले, "नवरा चाललाय, मनाला लागलंय, मी समजू शकतो. पुस्तकाच्या तीन आवृत्त्या निघाल्यात, बाई. आता काय करता?" पाणी दिलं मला. फुलपात्र एवढंसं.

सोमवार, १८
ह्यांना घरी काही सांगितलं नाही. मी भ्याले.

गुरुवार, २१
पाती घासली की स्वर चढतो. बेचक्यात घासलं की उतरतो. हे कुठल्याही वाजवणारीला ठाऊक असतं, आचार्य सोडून. पहाटेच कचेरीत गेले. पण किती घासायचं? मोजायला काहीच नाही, सगळीच मापं बिघडलेली. उरला माझा गळा. जुना स्वर गुणगुणायचा आणि तिथवर काटा उतरवायचा. उद्याचा विचार करत घासत राहिले. थोडं जास्तच घासलं बहुतेक. असू दे, म्हटलं, डोक्यावर जागा जास्त राहील.

शुक्रवार, २२
हे वेशीखालून गेले! वर चांगली वीतभर जागा! गर्दीत मी ढसाढसा रडले, नणंद म्हणाली, "रडताय काय वहिनी, उपासानं उतरली उंची." आचार्यांनी तेच जाहीर केलं. नांगर ओढायचा बैलानं आणि मिरवायचं गोमाशीनं. मिरवू दे. माझा माणूस आज दोन वेळा जेवला.

रविवार, २४
फडताळाला हात पोचत नाही. पायऱ्या चढताना गुडघे छातीशी येतात. चप्पल होडीसारखी. नखभर नाही, चांगलंच जास्त घासलं गेलंय. आता परत टोकं घासायची म्हटलं तर काट्याभोवती चार पहारेकरी – चमत्कारी काटा म्हणून दर्शनाला रांग लागलीय.

सोमवार, २५
नवी सभा. दांडी लावली. वस्तू बरोबर. माणसं घटली! फार उपास केले, आतून पोकळ झाली. पोकळ माणसात गावाचा स्वर घुमतो आणि फाटतो म्हणे. वेशीवर आता कमीत कमी उंचीची खूण केलीय. तिथवर जो भरणार नाही तो बाहेर. मोजणी परवा. हेच लोक, ह्याच टाळ्या.

ह्यांना काम मिळालं. खूण वर, हात पोचणारा माणूस हवा, म्हणून दांडी धरायला ह्यांनाच नेमलंय. पट्टा दिलाय कमरेला. किती दिवसांनी ताठ चालले घरात.

मंगळवार, २६
संध्याकाळी दाराशी उभी राहून ह्यांच्याकडून मोजून घेतलं. मी खुणेला दोन बोटं कमी भरले. मग सगळं सांगितलं – काटा, कानस, कुणासाठी घासला ते. ह्यांनी ऐकून घेतलं. म्हणाले, "तू घाबरलीयस, म्हणून काहीबाही सुचतंय तुला."

"बरं, नसेल खरं. उद्या दोन बोटं जास्त धराल?"

पट्ट्याचं बक्कल पुसत बसले. मग म्हणाले, "गाठोडं बांधून ठेव. जड होऊ देऊ नकोस."